आदेश खुर्चीला, अवमान माणसाला

ब्रह्मपुरीचा माणूस सहसा कशाला भीत नाही. उन्हाळ्यात पारा पंचेचाळीसच्या पुढे सरकला तरी तो भर दुपारी टपरीवर उभा राहून उकळता चहा पितो आणि 'आज जरा गरमच आहे जी' एवढीच तक्रार करतो. वाघाचं तर विचारूच नका. आमच्या वनविभागात वाघ रस्ता ओलांडू लागला की माणसं दुचाकी बंद करून त्याला आधी जाऊ देतात. तेवढा मान इथे एसटीलाही मिळत नाही. अशा या निर्भय मुलखातल्या कचेऱ्यांत एक शब्द मात्र असा आहे, की तो कानावर पडताच टेबलावरची पानाची पुडी खणात जाते. तो शब्द म्हणजे 'कंटेम्प्ट'. न्यायालयाचा अवमान. बाकीचे अवमान कचेरीत रोजच होतात, पण ते खिडकीबाहेर उभ्या असलेल्यांचे असल्यामुळे त्यांची आवक-जावक नोंद होत नाही.

या शब्दाची ताकद समजायची तर एखाद्या शेतरस्त्याची गोष्ट ऐकावी लागते. गाव कुठलंही धरा. वैनगंगेच्या या काठावरचं धरा नाही तर वडसा-आरमोरीकडचं, गोष्ट तीच आहे. आजोबाच्या काळापासून ज्या पांदणीने बंडी जात होती, ती पांदण शेजाऱ्याने एका पावसाळ्यात हळूच आपल्या बांधीत घेतली. धुरा दोन हात सरकला. पुढच्या वर्षी आणखी दोन हात. तिसऱ्या वर्षी रस्त्याच्या जागी धान डोलू लागलं आणि धान उभं राहिलं की त्याला हटवायला ब्रह्मदेवही धजत नाही. मग वाट अडलेले काका तहसीलमध्ये गेले. १९०६ सालचा मामलेदार न्यायालय अधिनियम अजून जिवंत आहे. त्याखाली अर्ज झाला, मोका चौकशी झाली, पंचनाम्यावर पंचांनी अंगठे उमटवले आणि आदेश झाला: रस्ता मोकळा करून देण्यात यावा. काकांनी त्या आदेशाला प्लॅस्टिकचं आवरण घालून देवघराच्या वर ठेवलं. रस्ता जिथे होता तिथेच, म्हणजे धानाखाली राहिला.

"साहेब, माह्या रस्त्याचं का झालं जी?"

"झालं ना काका, आदेश झाला."

"आदेश मले भेटला जी. रस्ता कवा भेटन?"

"अंमलबजावणीचं पत्र काढलं आहे. मंडळ अधिकाऱ्याकडे पाहा."

मंडळ अधिकारी म्हणाले, तलाठ्याकडे पाहा. तलाठी म्हणाले, बंदोबस्त पाहिजे, पोलीस ठाण्याला पत्र दिलं आहे. ठाण्यातून उत्तर आलं, मनुष्यबळ उपलब्ध होताच बंदोबस्त पुरवण्यात येईल. मनुष्यबळ उपलब्ध झालं त्या दिवशी लक्षात आलं की मोजणीशिवाय रस्ता नेमका कुठून काढायचा हे सांगता येत नाही. भूमी अभिलेखवाले म्हणाले, मोजणीची फी भरा. फी भरली. मोजणीची तारीख आली, मोजणीदार आले, त्यांनी शेताकडे पाहिलं आणि शेरा मारला: उभे पीक असल्याने मोजणी करता आली नाही.

आमच्या या झाडीपट्टीत आदेश अंमलात न आणण्याचं स्वतंत्र पंचांग आहे. जूनमध्ये पऱ्हे टाकलेले असतात. जुलै-ऑगस्टमध्ये रोवणी, तेव्हा चिखलात जेसीबी रुततो. सप्टेंबर गणपती-दुर्गेच्या बंदोबस्ताच्या तयारीत जातो. दिवाळीच्या आगेमागे कापणी. भाऊबीज झाली की मंडईच्या जत्रा सुरू, मंडईबरोबर वडशाच्या कंपन्यांची नाटकं सुरू आणि नाटकाला बंदोबस्त लागतोच. जानेवारीत झेंडावंदन, मार्चमध्ये वसुली. एप्रिल-मे मात्र शेत रिकामं असतं, हवा कोरडी असते, सगळं जमून येतं. तेवढ्यात साहेबांची बदली येते. आणि या सगळ्यातून चुकून एखादा मोकळा आठवडा निघालाच, तर लोकशाही धावून येते आणि आचारसंहिता लागते.

शेवटी काका नागपूरला उच्च न्यायालयात गेले. नागभीड, भिवापूर, उमरेड असं सव्वाशेच्या आसपास किलोमीटर. खंडपीठाने दहा मिनिटांत सांगितलं, तहसीलदारांनी आपल्याच आदेशाची आठ आठवड्यांत अंमलबजावणी करावी. काकांच्या वकिलाने तो कागद कचेरीत दिला. आता वाचकहो, या कागदाचा प्रवास जवळून पाहण्यासारखा आहे. आवक विभागातल्या बाबूने त्याच्या पाठीवर शिक्का मारला, क्रमांक टाकला. कोपऱ्यात लाल शाईने 'न्यायालयीन प्रकरण, तातडीचे' असं लिहून खाली दोन रेघा ओढल्या. लाल शाई सुकायला तीन दिवस लागले असावेत, कारण कागद पुढच्या टेबलावर चौथ्या दिवशी पोचला. तिथे 'सादर' लिहिलं गेलं. वरून 'चर्चा करा' आलं. चर्चा झाली. मग 'उचित कार्यवाहीस्तव अग्रेषित' असं होऊन तो मंडळ अधिकाऱ्याकडे निघाला. म्हणजे उच्च न्यायालयाचा आदेश जिथून काकांचा अर्ज सुटला होता बरोबर तिथे येऊन पोचला, फक्त आता त्याच्या अंगावर शिक्के जास्त होते.

कुणी म्हणेल, हा सरळ अवमानच झाला. तसं नाही. १९७१च्या न्यायालय अवमान अधिनियमात दिवाणी अवमानाची व्याख्या आहे: न्यायालयाच्या आदेशाची हेतुपुरस्सर अवज्ञा. आणि सरकारी कचेरीत हेतुपुरस्सर असं काही होतच नाही. तिथे जे होतं ते ओघाने होतं. कुणीही 'मी करणार नाही' असं म्हणत नाही. उलट जो तो त्याच्या वाट्याचं काम करून चुकलेला असतो. बाबूने नोंद केली, अव्वल कारकुनाने टिप्पणी ठेवली, नायब साहेबांनी पत्र काढलं, ठाणेदारांनी पत्राला उत्तर दिलं. फाइल गुबगुबीत झाली. एवढ्या माणसांनी एवढं काम केल्यावर रस्ता झाला नाही हा दोष रस्त्याचा.

याच कायद्यात शिक्षाही लिहिली आहे: जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. हे दोन हजार १९७१ सालचे आहेत. मधल्या काळात दोन हजारांची नोट आली आणि चलनातून गेलीसुद्धा, पण दंड जागचा हलला नाही. आज ब्रह्मपुरीहून भाड्याची गाडी करून नागपूरला वकिलाला भेटून यायचं तर दंड परवडतो, भाडं परवडत नाही. तेव्हा साहेब लोक दंडाला भीत नाहीत हे उघड आहे. ते भितात त्या नोटिशीवरच्या एका ओळीला.

त्या ओळीत सगळं मर्म आहे. मूळ याचिकेत प्रतिवादी कोण असतो? 'तहसीलदार'. 'उपविभागीय अधिकारी'. 'महाराष्ट्र शासन, मार्फत सचिव'. म्हणजे आदेश होतो तो खुर्चीला. खुर्चीला आदेश झाला की ती शांत असते. तिला घर नाही, बायकोमुलं नाहीत, तिची पदोन्नती अडत नाही, सेवानिवृत्ती वेतन थांबत नाही. पण अवमान याचिका आली की वकील पदनामाच्या आधी नाव घालतो. अमुक तमुक, वय सज्ञान, व्यवसाय नोकरी. खुर्चीला तुरुंगात टाकता येत नाही म्हणून न्यायालयाला खुर्चीतला माणूस लागतो. ज्या फाइलवर वर्षभर 'कार्यालय' सही करत होतं, तिच्यावर आता स्वतःचं नाव, आईवडिलांनी बारशाला ठेवलेलं, टंकलिखित झालेलं दिसतं. आणि मग जे आठ आठवड्यांत झालं नाही ते आठ तासांत सुरू होतं.

प्रत्येक साहेबांच्या दालनात मागच्या भिंतीवर एक लाकडी फलक असतो. त्यावर आजवरच्या अधिकाऱ्यांची नावं आणि 'पासून-पर्यंत' अशा तारखा रंगवलेल्या असतात. एरवी तो शोभेचा. नोटीस आली की तोच फलक संशयितांची यादी होतो. साहेब खुर्ची वळवून त्याच्यासमोर उभे राहतात आणि बोट फिरवत हिशेब मांडतात. आदेश झाला तेव्हा कोण होतं? आठ आठवडे संपले तेव्हा कोण होतं? मधल्या सोळा दिवसांचा प्रभारी कोण होता? ज्याची तारीख एका दिवसाने वाचली तो आता दुसऱ्या जिल्ह्यात बसून 'प्रकरण माझ्या कार्यकाळातले नाही' असं फोनवर सांगतो आणि त्या रात्री नीट झोपतो. प्रभारी अधिकाऱ्याचं नाव फलकावर नसतंच. तेवढाच बिचाऱ्याला अनामिकतेचा फायदा.

नाव आल्यावर काय होतं, याचं महाराष्ट्रातलं सर्वांत मोठं उदाहरण जंगलाचंच आहे, आणि आम्हा जंगलवाल्यांना ते पाठ असायला हवं. निलगिरीतल्या गुडलूरची जंगलतोड पाहून टी. एन. गोदावर्मन तिरुमुलपाड नावाच्या गृहस्थांनी १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. ती याचिका इतकी फोफावली की देशभरच्या जंगलाचा कारभार तिच्या सावलीत आला. तिच्यातच ४ मार्च १९९७ रोजी आदेश झाला: महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेशातल्या विनापरवाना आरागिरण्या, व्हिनिअर आणि प्लायवूडचे कारखाने तत्काळ बंद करा, अटी शिथिल करू नका, नवे परवाने देऊ नका. आदेशात संदिग्ध असं काही नव्हतं. तरी पुढे राज्यात अशा सहा कारखान्यांना चालण्याची परवानगी मिळाली. फाइल खालून वर गेली, वरून खाली आली, प्रत्येक टप्प्यावर कुणीतरी काहीतरी लिहिलं. आणि एका टप्प्यावर वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत होते, दुसऱ्यावर वनमंत्री स्वरूपसिंह नाईक.

१० मे २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दोघांनाही एक महिन्याची साधी कैद सुनावली. तोवर वनखातं सोडून परिवहन खातं सांभाळत असलेल्या नाईकांना मंत्रिपद सोडावं लागलं. दोघांनी माफी मागितली होती. न्यायालयाने ती मानली नाही. निकालाचा मथितार्थ असा, की माफी हा पश्चात्ताप असावा लागतो. पळवाटा संपल्यावर काढलेलं ते शेवटचं हत्यार नव्हे. बल्लारपूरच्या डेपोत सागाचे लठ्ठे मोजणाऱ्या माणसाला त्या दिवशी एक नवीन गोष्ट कळली असेल: लाकडाच्या व्यवहारात वाहतूक परवान्याशिवाय माणूसही आत जाऊ शकतो, आणि तोही मंत्रालयातून.

तेव्हापासून माफी हा कचेरीतला गंभीर अभ्यासाचा विषय झाला. पूर्वी माफीचा नमुना एकच होता: 'अनवधानाने विलंब झाला असल्यास क्षमा असावी.' यातलं 'असल्यास' फार कामाचं. आता वकील सांगतात, साहेब, 'असल्यास' काढा, 'बिनशर्त' घाला. बिनशर्त माफीच्या प्रतिज्ञापत्रात मग पहिल्या परिच्छेदात माफी असते आणि पुढच्या बावीस परिच्छेदांत ती का मागायची गरज नव्हती हे असतं. कायदाही मनाने मोठा आहे. माफी सशर्त आहे एवढ्याच कारणावरून ती फेटाळू नये, मनापासून असली म्हणजे झालं, असं त्यात लिहिलं आहे. मन मोजण्याचं यंत्र मात्र भूमी अभिलेख कार्यालयातही नाही.

शिक्षेचेही नाना नमुने आहेत. १२ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय अन्वेषण विभागाचे माजी हंगामी संचालक एम. नागेश्वर राव यांना एक लाख रुपये दंड केला आणि न्यायालय उठेपर्यंत कोपऱ्यात बसून राहायला सांगितलं. बिहारमधल्या निवारागृहांच्या तपासातला अधिकारी न्यायालयाला न विचारता बदलला, हे कारण. आमच्याकडे ही बातमी आली तेव्हा एका अनुभवी शेतकऱ्याने विचारलं, "दिवसभर बसून राहाची शिक्षा? आमी तं दर सोमवारी तहसीलमधी भोगतो जी, आमचा कोनता गुन्हा?" प्रश्न विचारार्थ ठेवला आहे.

आणि मे २०२५ मध्ये तर कमालच झाली. आंध्रातल्या एका तहसीलदाराने उच्च न्यायालयाचा मनाई आदेश असताना गुंटूर जिल्ह्यात झोपड्या पाडल्या होत्या. पुढे तो उपजिल्हाधिकारी झाला. उच्च न्यायालयाने दोन महिन्यांची कैद दिली. सर्वोच्च न्यायालयात प्रकरण आलं न्यायमूर्ती भूषण गवई यांच्यापुढे. गवई आपले अमरावतीचे, आणि नागपूर खंडपीठात सरकारी वकील राहिलेले. म्हणजे 'कार्यवाही प्रगतिपथावर आहे' या वाक्यामागे नेमकं किती प्रगती आणि किती पथ असतो, हे ज्यांना कुणी नव्याने सांगायला नको अशा माणसापुढे. त्यांच्या खंडपीठाने कैदेऐवजी त्याला उपजिल्हाधिकाऱ्याचा पुन्हा तहसीलदार केला, वर एक लाख दंड. महसूल खात्यात ही बातमी ज्या शांततेत वाचली गेली, ती दुखवट्याची शांतता होती. तुरुंगातून माणूस सुटून येतो. पदोन्नतीतून सुटून आलेला माणूस कुणी पाहिला नव्हता.

एवढं सगळं वाचून तुम्हाला साहेबांची कीव आली असेल तर थांबा, न्यायालयांनाही ती येते. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना कसं बोलवावं याची रीतसर कार्यपद्धतीच घालून दिली. उठसूट हजर राहायला सांगू नये. बोलवायचंच तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगची मुभा द्यावी. सुनावणीभर उभं ठेवू नये. दिसण्यावर, शिक्षणावर, कपड्यांवर शेरे मारू नयेत. हे वाचून नागपूरला जाण्यासाठी खास शिवून घेतलेला कोट एका साहेबांनी परत कपाटात टांगला, असं त्यांच्या शिपायाने सांगितलं. व्हीसीचा आणखी एक फायदा आमच्या जंगली जिल्ह्यांत आहे. न्यायमूर्ती नेमके 'विलंबाचं कारण काय?' असं विचारतात तेव्हाच नेटवर्क जातं. नेटवर्कवर हेतुपुरस्सर असण्याचा आरोप अद्याप कुणी सिद्ध केलेला नाही.

पण गमतीतही न्याय करायचा तर खालच्या अधिकाऱ्याची बाजू ऐकावी लागेल. त्याच्यापुढे येणारा आदेश दर वेळी शेतरस्त्याएवढा लहान नसतो. झुडपी जंगलाचंच घ्या. पूर्व विदर्भातल्या सहा जिल्ह्यांत, चंद्रपूर-गडचिरोलीसकट, जुन्या मध्यप्रांताच्या कागदांत 'झुडपी जंगल' म्हणून नोंदलेली जमीन आहे. ८६ हजार हेक्टरांहून जास्त. तिच्यावर झुडपं आहेत, गावंही आहेत, शाळा आहेत, स्मशानं आहेत, आणि काही ठिकाणी सरकारी कार्यालयंही आहेत. २२ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, गोदावर्मन प्रकरणातल्या १२ डिसेंबर १९९६च्या आदेशाप्रमाणे हे सगळं जंगलच. जुनी वाटपं केंद्राकडून रीतसर करून घ्या; अतिक्रमणं काढायला प्रत्येक जिल्ह्यात विशेष कृती दल नेमा आणि दोन वर्षांत ती काढा. दलात कोण? उपविभागीय दंडाधिकारी, पोलीस उपअधीक्षक, सहायक वनसंरक्षक आणि तालुका भूमी अभिलेख निरीक्षक. म्हणजे वनखातं सोडलं तर त्याच खात्यांची माणसं, जी काकांच्या दोन हात रस्त्यासाठी एकमेकांना पत्रं लिहीत होती. आता त्यांनी एकत्र बसायचं आहे. निदान टपालखर्च वाचेल.

बिचारा अधिकारी काय करणार? अतिक्रमण काढलं तर संध्याकाळी मोर्चा. नाही काढलं तर नोटीस. मध्येच वरून फोन, 'जरा सबुरीने घ्या.' हा फोन लेखी नसतो. सबुरीने घेणाऱ्याचं नाव मात्र लेखी असतं.

वाघाच्या बाबतीत तर दोन्हीकडून पंजा. यवतमाळकडच्या अवनी वाघिणीचं आठवतं? सप्टेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला ठार करण्याच्या आदेशात ढवळाढवळ करायला नकार दिला, पण मारणाऱ्याला बक्षीस देऊ नका असंही सांगितलं. नोव्हेंबरमध्ये ती मारली गेली. पुढे अवमान याचिका झाली: गावात सत्काराचा कार्यक्रम झाला, चांदीची वाघीण भेट दिली, हे बक्षीसच नव्हे का? फेब्रुवारी २०२१ मध्ये अधिकाऱ्यांना नोटीस निघाली, आणि त्याच महिन्यात, सत्कार गावकऱ्यांचा होता, सरकारचा नव्हे, असा खुलासा झाल्यावर प्रकरण मिटलं. तेव्हापासून ब्रह्मपुरीकडचा हुशार वनाधिकारी सत्काराचा नारळ दिसला तरी आधी विधी सल्लागाराला फोन लावतो म्हणे.

आणि आपण? आपण काय धुतल्या तांदळाचे? आमच्या झाडीपट्टीचा जीव शंकरपटात, म्हणजे बैलांच्या शर्यतीत. दिवसा पट, रात्री नाटक, पाहुण्यांनी घर भरलेलं. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बैलांच्या शर्यती बंद केल्या. २०१७ मध्ये राज्याने कायदा बदलला, तो उच्च न्यायालयात अडला. १६ डिसेंबर २०२१ ला अटींसह मोकळीक मिळाली आणि १८ मे २०२३ ला घटनापीठाने कायद्यावर शिक्कामोर्तब केलं. या मधल्या वर्षांत ठाणेदाराची जी दैना झाली ती त्यालाच ठाऊक. गावात जावं तर मैदानात माणसांची भिंत, मधोमध दोन जोड्या, धुराळा.

"काय चाललंय हे?"

"काही नाही साहेब, बैलाईले पाय मोकळे करून राह्यलो."

"आणि ही दोन हजार माणसं?"

"ते रात्रीच्या नाटकाले आले जी. जरा लवकर आले."

आपला तो उत्सव आणि दुसऱ्याचा तो गुन्हा, हे तत्त्व गावात सर्वमान्य आहे. काकांच्या रस्त्याचा आदेश अंमलात यावा म्हणून गाव काकांच्या बाजूने आहे. मात्र तोच कायदा गावच्या चौकातल्या बॅनरला लावा म्हटलं की गाव बाहेरगावी जातं. साताऱ्याच्या सुस्वराज्य फाउंडेशनच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने जानेवारी २०१७ मध्ये बेकायदा फलकांबद्दल सविस्तर आदेश दिले. राजकीय पक्षांनी हमीपत्रं दिली, आमचे कार्यकर्ते फलक लावणार नाहीत. नोव्हेंबर २०२४ मध्ये, ऐन विधानसभेच्या निवडणुकीत, न्यायालयाला त्याच पक्षांना विचारावं लागलं, तुमच्यावर अवमानाची कारवाई का करू नये? वाढदिवसाच्या बॅनरवर खाली चाळीस शुभेच्छुकांचे फोटो असतात, प्रत्येकाचं नाव ठळक. एवढी सविस्तर आरोपींची यादी पोलिसांनाही कधी तयार मिळत नाही. पण तिथे नाव आलं तर माणूस फोटो काढून स्टेटसला ठेवतो, आणि नोटिशीत आलं तर रजेवर जातो.

असो. काकांकडे परत येऊ. आठ आठवडे उलटले. कायद्यात अवमान याचिकेला एक वर्षाची मुदत आहे, ती संपायच्या आत वकिलाने ती दाखल केली, साहेबांच्या पूर्ण नावासकट. नोटीस सोमवारी पोचली. मंगळवारी बंदोबस्ताचं पत्र शिपायाच्या हाती ठाण्यात गेलं आणि मनुष्यबळ, जे दोन वर्षं क्वचितच उपलब्ध होतं, ते दोन गाड्या भरून निघालं. बुधवारी सकाळी सातला शेतावर जेसीबी हजर. साहेब स्वतः बूट घालून चिखलात. मोजणीदाराने उभ्या पिकात मोजणी करून दाखवली. असं करता येतं हे त्याला स्वतःलाही त्याच दिवशी कळलं. तलाठ्याने मोबाइलवर वेळ-तारीख येणारे फोटो काढले, डावीकडून, उजवीकडून, जेसीबीसह, जेसीबीशिवाय. काकांना रस्त्यावर उभं करून चालत यायला सांगितलं. काका आले. "जरा हसा ना काका." काका हसले. गुरुवारी नागपुरात प्रतिज्ञापत्र दाखल झालं: आदेशाचे तंतोतंत पालन करण्यात आले आहे, विलंबाबद्दल बिनशर्त क्षमायाचना. न्यायालयाने याचिका निकाली काढली. साहेबांनी परतताना भिवापूरला गाडी थांबवून मिरची घेतली, घरच्यांसाठी.

पुढच्या पावसाळ्यात शेजाऱ्याने धुरा पुन्हा दोन हात सरकवला. पहिल्याच पाण्यात पऱ्हे टाकले, रोवणी झाली आणि वेळ-तारखेसह फोटोत दिसणारा रस्ता पुन्हा हिरवागार झाला. काका कचेरीत गेले. दालनात नवे साहेब होते, त्यांनी फाइल मागवली, आधीच्या साहेबांचा अनुपालन अहवाल वाचला आणि समाधानाने म्हणाले, "यात तर पालन झालेलं दिसतं."

काकांनी बाहेर येऊन वकिलाला फोन लावला. सगळं ऐकून वकील साहेबांनी एकच काम सांगितलं, "काका, घरी जाऊ नका अजून. आत भिंतीवर फलक आहे ना, त्याच्यावर शेवटचं नाव कोणाचं रंगवलं आहे ते नीट वाचून, पूर्ण नाव, आद्याक्षरं नकोत, कागदावर लिहून आणा."

काका आत गेले. फलक होता. शेवटच्या ओळीची जागा रिकामी होती. पेंटरचं बिल अजून मंजूर व्हायचं होतं.